रात्री दहानंतरचे राग: एक प्रकरण अभ्यास

संगीत आणि कालगणना यांचा एकत्र अभ्यास करणारी विद्याशाखा आज कुठल्याही विद्यापीठात शिकवली जात नाही. या लेखापुरतं तिला 'कालसंगीतशास्त्र' म्हणू. संगीताच्या पाठ्यपुस्तकात रागाचा गानसमय एका ओळीत उरकतात आणि लगेच वादी-संवादीकडे, म्हणजे रागाच्या मुख्य स्वराकडे आणि त्याच्या जोडीदार स्वराकडे, वळतात. कालगणनेच्या अभ्यासकाला प्रहर, घटका, प्रमाणवेळ सगळं ठाऊक असतं, पण त्या प्रहरात कोण काय गातं याच्याशी त्याला कर्तव्य नसतं. त्यामुळे एक प्रश्न दोघांच्याही हातून निसटला आहे. या शाखेचा पहिला वर्ग कधी भरलाच, तर अभ्यासाला हेच प्रकरण घ्यावं असं मला मनापासून वाटतं.

प्रकरण असं. ध्वनिप्रदूषण (नियमन व नियंत्रण) नियम 2000 साली आले. रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपक वापरायला त्यांनी बंदी घातली. ज्या उघड्या मांडवांत रात्रभर शास्त्रीय संगीत चालायचं, ते मांडव हळूहळू दहाला मिटू लागले. दहानंतर गायचे राग मात्र पुस्तकात तिथेच राहिले. कुणी त्यांच्यावर बंदी घातली नव्हती. तरीही मोठ्या रंगमंचावरची त्यांची जागा गेली. ती नेमकी कशी गेली, किती गेली आणि त्यातलं काय परत मिळवता येईल, एवढंच इथे पाहायचं आहे.

मांडव

पुण्याचा सवाई गंधर्व महोत्सव हे याचं सगळ्यात ठळक उदाहरण. रामभाऊ कुंदगोळकर, म्हणजे गायक सवाई गंधर्व, 1952 साली गेले. पुढच्याच वर्षी शिष्यांनी आणि चाहत्यांनी त्यांच्या स्मरणार्थ महोत्सव सुरू केला. पंडित भीमसेन जोशींनी तो आयुष्यभर स्वतःच्या घरचं कार्य असल्यासारखा सांभाळला. रमणबाग शाळेचं मैदान, डिसेंबरची थंडी, शाली-कानटोप्या घालून सतरंज्यांवर बसलेले हजारो लोक आणि उजाडताना भीमसेनजींची अखेरची बैठक, हे चित्र पुण्यातल्या दोन-तीन पिढ्यांच्या ओळखीचं आहे. त्यानंतर सवाई गंधर्वांच्या भैरवी ठुमरीची जुनी ध्वनिमुद्रिका वाजायची आणि मग लोक उठायचे.

आता महोत्सव दुपारी सुरू होतो आणि दहाला थांबतो. एखाद्या दिवशी बारापर्यंतची परवानगी मिळते. ती मिळण्यामागचा हिशोब कळून घ्यायला हवा. 2002 च्या दुरुस्तीनुसार सांस्कृतिक आणि धार्मिक प्रसंगांसाठी वर्षातले जास्तीत जास्त 15 दिवस ध्वनिक्षेपक मध्यरात्रीपर्यंत चालू ठेवायची सवलत राज्य सरकार देऊ शकतं. सर्वोच्च न्यायालयाने 2005 साली ही सवलत कायम ठेवली. आपल्याकडे दरवर्षी त्या दिवसांची यादी जिल्हाधिकारी जाहीर करतात. त्यात गणेशोत्सव, नवरात्र, जयंत्या, 31 डिसेंबर हे सगळं बसवायचं असतं. डिसेंबरातल्या शास्त्रीय संगीताच्या वाट्याला एखादा दिवस आला, तरी खूप झालं.

हा फटका फक्त ख्यालगायनाला बसलेला नाही. जत्रेत कनात लावणाऱ्या तमाशाच्या फडाला तो अधिक जोरात बसला. गण, गवळण, बतावणी होता होताच दहा वाजतात आणि ज्या वगासाठी लोक लांबून आलेले असतात तो सुरू होतो न होतो तोच पोलीस येऊन उभे राहतात. तिथे पोटाचा प्रश्न आहे, त्यामुळे त्याचा अभ्यास स्वतंत्रपणे व्हायला हवा.

नियमाबद्दल माझी तक्रार नाही, हे आधीच सांगतो. भिंतीपलीकडे आजारी माणूस आहे, तान्हं मूल आहे, पहाटे पाचला कामावर निघणारी बाई आहे. त्यांची झोप दरबारी रागापेक्षा लहान नाही. म्हणून या अभ्यासात नियम बदलून मागायचा नाही. नियम आहे तसा मानायचा आणि त्याच्या आत काय करता येतं ते पाहायचं.

दोन रात्री

या नियमांनी 'रात्र' या शब्दाची व्याख्याच करून टाकली आहे: दहा ते सहा. वर्षभर, देशभर, आठ तास. कोहिमा असो की पुणे, जून असो की डिसेंबर.

रागसंगीताची रात्र अशी नाही. ती सूर्यास्ताला सुरू होते, सूर्योदयाला संपते आणि तिचे चार समान भाग म्हणजे चार प्रहर. रात्र मोठी तर प्रहर मोठा. तेराव्या शतकात आपल्याच देवगिरीला, यादवांच्या दरबारी, शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकर' लिहिला. त्यात तो रागांना ऋतू आणि प्रहर सांगतो. घड्याळाचे तास त्याच्यासमोर नव्हते आणि त्यांची गरजही नव्हती.

आता पुण्याची डिसेंबरमधली रात्र मोजून पाहू. मध्य डिसेंबरला सूर्य सुमारे सहाला मावळतो आणि सकाळी सातच्या सुमारास उगवतो. रात्र तेरा तासांची, म्हणजे प्रहर सव्वातीन तासांचा. पहिला प्रहर सहा ते सव्वानऊ, दुसरा सव्वानऊ ते साडेबारा, तिसरा साडेबारा ते पावणेचार, चौथा पावणेचार ते सात. दहाचा ठोका पडतो तेव्हा दुसरा प्रहर पाऊण तास झालेला असतो. जूनअखेरीला सूर्य सव्वासातच्या आसपास मावळतो आणि सहाला उगवतो. तेव्हा दहा वाजता दुसरा प्रहर नुकता कुठे लागलेला असतो.

यात आणखी एक गाठ आहे, तिच्याकडे सहसा लक्ष जात नाही. आपलं घड्याळ 82.5 अंश पूर्व रेखांशावर लावलेलं आहे आणि पुणे 74 अंशांच्या जरा अलीकडे आहे. त्यामुळे सूर्याच्या हिशोबाने पुण्याची खरी मध्यरात्र डिसेंबरात घड्याळातल्या साडेबाराच्या आसपास होते. रागांची आणि त्यांच्या वेळांची मांडणी करणारे संगीतशास्त्रज्ञ पंडित विष्णु नारायण भातखंडे (1860-1936) वाळकेश्वरला वाढले, मुंबईत वकिली केली. 1906 साली भारतीय प्रमाणवेळ आली, तरी मुंबईने आपली 'मुंबई वेळ' पुढे अनेक वर्षं सोडली नाही. ही वेळ प्रमाणवेळेच्या 39 मिनिटं मागे. भातखंड्यांनी रागांसाठी जे तास लिहिले, ते सूर्याच्या जवळ राहणाऱ्या घड्याळाचे तास आहेत असं धरूनच वाचले पाहिजेत. आजच्या कार्यक्रमपत्रिकेत आपण ते जसेच्या तसे वापरतो आणि नकळत सूर्याच्या हिशोबाने अर्धा-पाऊण तास आधीच गातो.

भातखंड्यांची रेघ

भातखंड्यांची मांडणी थोडक्यात अशी. कोमल (थोडा उतरलेला) रिषभ आणि शुद्ध गांधार असलेले संधिप्रकाश राग, म्हणजे उजाडताना-मावळतानाचे, चार ते सात. शुद्ध रिषभ-धैवताचे राग सात ते दहा. कोमल गांधार-निषादाचे राग दहा ते चार. हे चक्र दिवसातून एकदा आणि रात्रीतून एकदा फिरतं. शिवाय दुपारी बारा ते रात्री बारा हा काळ पूर्वांगवादी रागांचा, म्हणजे वादी स्वर सप्तकाच्या खालच्या अर्ध्या भागात. मध्यरात्रीनंतर उत्तरांगवाद्यांचा. अपवाद भरपूर आहेत, हे त्यांनाही माहीत होतं. बिहागसारखा शुद्ध स्वरांचा राग दुसऱ्या प्रहरात अगदी सुखाने नांदतो.

तरीही ही मांडणी आणि 2000 सालचा नियम एकमेकांवर ठेवून पाहा. भातखंड्यांची रेघ रात्री दहाला आहे. ध्वनिक्षेपकाची रेघही रात्री दहाला आहे. नियम लिहिणाऱ्यांच्या मनात राग नक्कीच नव्हते. पण त्यांनी एका फटक्यात रात्रीचा कोमल गांधार-निषादाचा अख्खा वर्ग मांडवाबाहेर काढला: बागेश्री, दरबारी कानडा, मालकंस, नायकी, अडाणा, कौंसी. शिवाय पहाटेच्या संधिप्रकाशातले चार ते सहा हे दोन तासही गेले. आणि भातखंड्यांची वेळ सूर्याच्या घड्याळाने वाचली, तर तो वर्ग आजच्या घड्याळात साडेदहाच्या पुढेच सुरू होतो. म्हणजे मांडव त्या दारापर्यंतही पोहोचत नाही.

पूरिया, मारवा, सोहनी

यावर लगेच एक आक्षेप येतो आणि तो चांगला आहे. दरबारी रात्री नऊला गायला तर काय बिघडतं? स्वर तेच आहेत. कर्नाटक संगीतात वेळेचं बंधन आज फारसं पाळत नाहीत आणि तिथल्या रागांचं काही अडलेलं नाही. आकाशवाणीच्या स्टुडिओला खिडकी नसते. 1902 च्या नोव्हेंबरात कलकत्त्यात गौहरजानने तबकड्यांसाठी गायलं, तेव्हापासून राग तीन मिनिटांच्या मापात बसतो आहे आणि कुठल्याही प्रहरी ऐकला जातो आहे.

माझं मत असं की वेळ स्वरांत नसते, हे मान्यच करावं. एखाद्या कंपनसंख्येला मध्यरात्रीच काही विशेष अर्थ येतो, असं दाखवणारं काही माझ्या वाचनात आलेलं नाही. पण वेळ रागांच्या आपापसातल्या अंतरात असते. ते अंतर आकसलं की रागाचं नुकसान होतं. हे मारवा, पूरिया आणि सोहनी या तिघांवरून फार स्वच्छ दिसतं.

तिघांचे स्वर एकच: षड्ज, कोमल रिषभ, शुद्ध गांधार, तीव्र मध्यम, शुद्ध धैवत, शुद्ध निषाद. पंचम तिघांतही वर्ज्य. मारवा सूर्य मावळतानाचा. तो रिषभ आणि धैवतावर उभा राहतो आणि षड्ज टाळत राहतो, त्यामुळे ऐकणाऱ्याला टेकायला जागाच मिळत नाही. पूरिया त्याच्या मागोमाग, दिवेलागणीनंतर. त्याचा जीव मंद्रात, म्हणजे खालच्या सप्तकात, गांधार आणि निषादावर. गायक खर्जाकडे उतरत जातो आणि तिथेच रेंगाळतो. सोहनी रात्रीच्या चौथ्या प्रहराची. वादी धैवत, संवादी गांधार, आणि सगळी वस्ती तार (वरच्या सप्तकातल्या) षड्जाच्या आसपास. मध्यम-धैवत-निषाद घेत ती वर जाते, तार रिषभाला हात लावते आणि पुन्हा तार षड्जावर येते. खाली उतरते ती फक्त श्वास घेण्यापुरती.

जुन्या रात्रभराच्या मांडवात पूरिया आणि सोहनी यांच्यामध्ये आठ-दहा तास जायचे. मधे हमीर, केदार, बिहाग, बागेश्री, मालकंस होऊन गेलेले असायचे. कानाने पूरिया विसरलेला असायचा. मग चारच्या सुमाराला तेच स्वर उलट्या टोकाने परत यायचे, आणि एकाच सामानातून दुसरं घर उभं राहिल्याचा साक्षात्कार व्हायचा. आता सहाच्या सुमारास कुणी पूरिया गायला असेल आणि साडेआठला दुसऱ्याने सोहनी काढली, तर ती वर चढलेला पूरियाच वाटते. जाणता कलाकार हे ओळखतो आणि सोहनी काढतच नाही. काढलीच तर मुख्य रागानंतरची दहा मिनिटांची द्रुत (जलद) बंदिश म्हणून. कुणी मनाई केलेली नसताना राग मंचावरून जातो, तो असा.

दरबारीचं दुखणं वेगळं आहे. तो नऊला गायला जातो, लोकांना आवडतो, दादही मिळते. पण त्याचा कोमल गांधार हा एका जागी ठेवायचा स्वर नव्हे. तो झुलत झुलत, रिषभाच्या आधाराने खाली यायचा असतो, आणि मंद्र सप्तकाची बढत (सावकाश विस्तार) झाल्याशिवाय त्या झुलण्याला वजन येत नाही. दहाला मांडव मिटायचा म्हणून प्रत्येकाच्या वाट्याला तासभर येतो. तासाभरात विलंबित (संथ), द्रुत, वर एखादं भजन. मग मंद्र कापला जातो. वेळेच्या नियमाने इथे रागाच्या घड्याळाला धक्का लागलेला नाही. धक्का लागला आहे तो रागाच्या आतल्या काळाला.

भैरवीची साक्ष

रागाची वेळ घड्याळातली की क्रमातली, या वादात एक साक्षीदार आपल्या रोजच्या ओळखीचा आहे. भैरवी. ग्रंथांप्रमाणे ती सकाळची. प्रत्यक्षात मैफल जेव्हा संपेल तेव्हा ती होते, मग दुपारचे दोन असोत की रात्रीचे दहा. कुणाला खटकत नाही. तिची वेळ 'शेवट' ही आहे आणि ती आपण सगळ्यांनी मिळून ठरवली आहे. रात्रभराची मैफल उजाडताना संपायची, म्हणून भैरवीची ग्रंथातली वेळ आणि मैफलीतली जागा जुळायच्या. दहाच्या नियमाने त्या वेगळ्या केल्या आणि मग दिसलं की जागा जास्त बळकट आहे. सवाई गंधर्वांची ती भैरवी आज रात्री वाजते आणि तरीही ती ऐकल्यावरच महोत्सव संपल्यासारखा वाटतो.

सोहनीला, परजला, ललतला अशी जागा आपण दिलेली नाही. त्यांना फक्त प्रहर दिला आणि प्रहर गेला तेव्हा त्या उघड्यावर पडल्या. या प्रकरणातून मला लागलेला निष्कर्ष हाच आहे.

मिळालेलंही लिहायला हवं

जमाखर्च मांडायचा तर जमेची बाजूही आहे आणि ती लहान नाही. रात्रीच्या मैफलींच्या काळात दुपारच्या रागांची उपासमार होत होती. मुलतानी, भीमपलास, पटदीप, मधुवंती, शुद्ध सारंग, गौड सारंग. संध्याकाळी उशिरा सुरू होणाऱ्या मांडवात यांना कोण विचारणार? आज महोत्सव दुपारी सुरू होतो तेव्हा उन्हात मुलतानी ऐकायला मिळते, आणि संध्याकाळ पडताना तिच्यातून मारव्याकडे कसं जातात हे तरुण श्रोत्याला समोर दिसतं. मुलतानीला भातखंडे परमेलप्रवेशक म्हणतात, एका गटातून दुसऱ्या गटात नेणारा राग. हा प्रवेश घडताना ऐकायची सोय नव्या वेळापत्रकाने करून दिली. जुन्या रात्रींबद्दल बोलताना हे विसरून चालणार नाही.

सकाळी सहा

आता काय करता येईल ते. वरच्या आकड्यांत एक फट राहून गेली आहे. डिसेंबरात कायद्याची रात्र सहाला संपते, पण सूर्याची रात्र सातला. सहा ते सात या तासात ध्वनिक्षेपक कायदेशीर आहे आणि चौथा प्रहर अजून चालू आहे. विशेष सवलतीच्या 15 दिवसांतला एकही दिवस खर्च न करता, खुल्या मांडवात, सूर्य उगवण्याआधीच सोहनी, भटियार किंवा ललत पूर्ण विस्ताराने गाता येईल. त्याला जोडून सात वाजता भैरव. जवळजवळ तासाभराची ही फट साधारण नोव्हेंबरअखेर ते फेब्रुवारी एवढीच मिळते, आणि पुण्यातले मोठे महोत्सव नेमके त्याच दिवसांत असतात. दिवाळी पहाटेला लोक अंधारात उठून, नटून-थटून येतात. श्रोता येणार नाही, ही भीती त्यामुळे मला पटत नाही.

अडचणी खऱ्या आहेत आणि त्या बहुतेक साथसंगतीच्या बाजूच्या आहेत. सहाला गायचं तर गळा चारपासून तापवायला हवा. थंडीत तानपुरे सुरात टिकत नाहीत, दवाने तबल्याची पुडी (वरचं कातडं) उतरते. म्हणून वाद्यं तासभर आधी मांडवातच आणून ठेवून पुन्हा पुन्हा जुळवावी लागतील. आदल्या रात्री दहाला गाऊन उठलेल्या कलाकाराला हे सांगू नये. त्या सकाळचा कलाकार वेगळा असावा, आणि त्याला तासाभराचं एकच सत्र आणि एकच राग द्यावा.

बारापर्यंतची सवलत ज्या दिवशी मिळते, त्या दिवसाचाही वापर नीट व्हायला हवा. डिसेंबरात साडेबारापर्यंत दुसरा प्रहर असतो, म्हणजे ती सवलत जवळजवळ पूर्ण दुसरा प्रहर हाती देते. त्या रात्री दहा ते बारा चार कलाकारांत वाटू नयेत. दोन तास एकालाच द्यावेत. बागेश्री आणि त्यानंतर दरबारी, मंद्रासकट.

उरतो तिसरा प्रहर, साडेबारा ते पावणेचार. खुल्या मांडवात त्याला वाट नाही. पण नियमातच बंदिस्त सभागृहांना, आतल्या आत वापरासाठी, दहानंतर ध्वनिक्षेपकाची मुभा आहे. म्हणजे मालकंस आणि कानड्याचे प्रकार ऐकायचे तर चांगल्या भिंतींचं सभागृह हवं, काही शे लोक हवेत, आणि परतीच्या रिक्षांची सोय आयोजकांनीच करायला हवी. मोठ्या महोत्सवाने अशी एक रात्र आपल्या नावाने जोडून घेतली, तर तिथे काय गायलं गेलं, किती वाजता आणि किती मिनिटं, हे प्रत्येक वेळी लिहून ठेवावं. राग आधी जाहीर करायची आपली पद्धत नाही, त्यामुळे गेल्या वीस वर्षांत कुठला राग किती वेळा मंचावर आला, हे आज आठवणींवरून बोलावं लागतं. पुढच्या अभ्यासकाच्या हातात निदान वह्या असाव्यात: रागाचं नाव, सुरू झाल्याची वेळ, संपल्याची वेळ, आणि त्या दिवशीचा सूर्यास्त.